साहेब, कोनाडा कुठाय?

वाचकांचे प्रश्न : घर आणि बांधकाम

गेल्या अंकात एका वाचकांनी विचारलं होतं, की गावाकडच्या धाब्याच्या, म्हणजे सपाट मातीच्या छताच्या, घराच्या भिंती अडीच फूट जाड आहेत, त्या पाडून नऊ इंची वीटकाम केलं तर आत जागा किती वाढेल. मी चौरस फुटांचा हिशेब दिला आणि शेवटी सहज लिहून गेलो, की अशा भिंतींचे ढिगारे मी किल्लारी भागात चार वर्षं पाहिलेत. त्या एका ओळीवर इतकी पत्रं आली, की गच्चीची गळती, बाथरूमचा उतार आणि वाळवी ही आपली नेहमीची मंडळी या महिन्यात बाहेरच थांबली आहेत. त्यांनी राग मानू नये.

ज्यांचा जन्मच नंतरचा आहे त्यांच्यासाठी थोडक्यात. 30 सप्टेंबर 1993, पहाटे 3 वाजून 56 मिनिटं. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी; गणपती बोळवून लोक उशिरा येऊन आडवे झालेले. लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद, आताच्या धाराशिव जिल्ह्यात, किल्लारीच्या आसपास, भूकंप झाला. माणसं गेली ती 8 हजारांच्या आसपास. पुढे 52 गावं जुन्या जागेवरून उठवून नवी वसवली, आणि बाकी हजारावर गावांतली पडझड जागेवरच दुरुस्त केली. मी 1994 ते 1998 औसा आणि उमरगा तालुक्यांत कनिष्ठ अभियंता होतो. म्हणजे टेप धरणारा, फक्की, म्हणजे पांढरी पूड, टाकून जमिनीवर घराची आखणी करून देणारा, सिमेंटची पोती मोजणारा आणि लोकांच्या शिव्या सगळ्यांत आधी खाणारा माणूस. मूळचा बार्शी तालुक्यातला, माळवदाच्या घरात वाढलेला. हे आधीच सांगून ठेवतो, कारण खाली काही ठिकाणी माझी बाजू पडकी आहे.

प्रश्न : माझी आजी औसा तालुक्यातल्या एका पुनर्वसित गावात राहते. पक्कं स्लॅबचं घर आहे, पंखा आहे. तरी ती बारा महिने पुढच्या पत्र्याच्या शेडमध्ये झोपते. आम्ही पुण्याहून गेलो की आम्हालाही तिथंच अंथरूण घालते. विचारलं तर "तुला नाही कळायचं" म्हणते. ही भीती असेल का? तिला कसं समजवावं? — एक वाचक, पुणे

ताई, भीती असणारच. पण तीस वर्षं कुणी नुसत्या भीतीनं बाहेर झोपत नाही. पुढच्या मे महिन्यात गेलात की रात्री दहा वाजता आतल्या खोलीत स्टुलावर उभ्या राहून स्लॅबला हात लावा. चार-पाच इंचांचं काँक्रीट दिवसभर ऊन पितं आणि रात्री ते खाली सोडत बसतं. पंखा तीच आच तुमच्या अंगावर फिरवतो.

आजी ज्या घरात नांदायला आली ते असं नव्हतं. दगड-मातीच्या दोन-तीन फुटी भिंती, आत लाकडी खांब, त्यांवर तुळया, तुळयांवर फळ्या किंवा फांद्या-पाला, आणि त्यावर मातीचा थर. हेच धाबं, हेच माळवद. खोलीची मापं फुटात नाही, खणात, म्हणजे दोन तुळयांमधल्या गाळ्यात सांगायची : चार खणांचं घर, आठ खणांचं घर. उजेडाला छतात एखादं सवणं. भर उन्हाळ्यात दुपारी आत शिरलं की डोळ्यांपुढे अंधारी यायची आणि अंगाला गारवा लागायचा.

आता या छताची मेख ऐका. आमच्या घरी दर वर्षी मिरगाच्या आधी वडील आणि चुलते पांढऱ्या मातीच्या टोपल्या वर चढवायचे. पावसात गळू नये म्हणून माळवदावर नवी माती पसरायची, चोपायची. मी शिडीच्या मधल्या पायरीवर उभा राहून टोपली पुढे सरकवायचो. माती वर जायची. जुनी माती खाली उतरवलेली मी एकदाही पाहिली नाही. आजोबांच्या काळापासून असंच चाललेलं. दहा फूट बाय दहा फुटांच्या खोलीवर दीड फूट माती धरा. वजन होतं 6 ते 7 टन. त्याच्याखाली आम्ही आठ जण झोपायचो आणि घर गार आहे म्हणून खूश असायचो.

तुमच्या आजीनं त्या पहाटे हे 6-7 टन खाली आलेलं पाहिलंय. नंतर दोन-तीन वर्षं ती सरकारी पत्र्याच्या शेडमध्ये राहिली असेल. बहुतेकांनी तशीच काढली. मग स्लॅबचं घर मिळालं. तेवढ्याच खोलीवरचा स्लॅब भरतो अडीच टनांच्या पुढे. आणि तेवढ्याच जागेवरचे पत्रे? पन्नास किलोच्या आसपास. म्हणजे आजी वजनाच्या हिशेबानं झोपते. मी अभियंता आहे, मला तिच्या हिशेबात चूक सापडत नाही. स्लॅब नीट सळ्या घालून, नीट भिंतींवर टाकलेला असेल तर तो पडणार नाही, हेही खरं. पण हे तिला सांगणारा माणूस माझ्यासारखाच कुणीतरी, हातात टेप घेतलेला. आणि घर पडलं तेव्हा तो तिथं नव्हता.

आणखी एक. त्या शेडमध्ये बसलं की रस्त्यानं कोण आलं, कुणाच्या घरी पाहुणे उतरले, कुणाची म्हैस सुटली, सगळं कळतं. जुन्या घराच्या ओसरीचं काम ती शेड करते.

समजवायचं सोडा, शेडकडे बघा. पत्र्यावर उन्हाळ्यात चुन्याची निवळी दोन हात मारा. खालून बांबूची चटई ताणून बांधा, मध्ये वीतभर हवा राहू द्या. आणि पत्रे वाऱ्यानं उचलू नयेत म्हणून नुसते दगड ठेवले असतील तर ते आधी काढा. वरचा दगड घसरून डोक्यात पडतो. हुक बोल्टनं पत्रे आवळून घ्या.

प्रश्न : आम्ही आर्किटेक्चरच्या तिसऱ्या वर्षाला आहोत. आम्हाला शिकवतात की स्थानिक, पारंपरिक बांधकाम शहाणपणाचं असतं. मग किल्लारीत त्याच घरांनी माणसं का मारली? गवंड्यांना काम येत नव्हतं का? — विद्यार्थी, छत्रपती संभाजीनगर

दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत, आणि त्या एकाच भिंतीत खऱ्या आहेत.

ती भिंत अशी असायची : बाहेरून दगडांचा एक थर, आतून दुसरा, आणि मधल्या पोकळीत कपच्या आणि माती. दोन थरांना एकमेकांशी बांधणारं काही नाही. वरून शांतपणे वजन येत राहिलं तर अशी भिंत शंभर वर्षं उभी राहते. बाजूनं हिसका बसला की दोन्ही थर सुटे होतात, भिंतीला पोट येतं आणि ती फुटते. इलाज जुना आहे : ठरावीक अंतरावर भिंतीच्या जाडीइतका लांब, एका तोंडापासून दुसऱ्या तोंडापर्यंत जाणारा दगड घालायचा. पुस्तकात त्याला थ्रू स्टोन म्हणतात, आम्ही गवंड्यांना "आरपार दगड" म्हणून सांगायचो. माझ्या हद्दीतल्या जुन्या गढ्यांच्या घडीव भिंतींत तो दिसे, साध्या घरांत जवळजवळ नसे. कारण उघड आहे. लांब दगड काढायचा, घडवायचा म्हणजे मजुरी. गोल-वेडेवाकडे दगड शेतातून बैलगाडीनं फुकट येत.

आणि गवंड्याला कुणी विचारलंच नव्हतं भूकंपाबद्दल. तो कुणाच्याच ध्यानीमनी नव्हता. देशाच्या भूकंप-नकाशात हा टापू तेव्हा झोन एकमध्ये होता, म्हणजे सगळ्यांत निर्धास्त पट्ट्यात. दख्खनचं पठार, काळा कातळ, इथं काय हलणार, असं सरकारही समजत होतं. 2002 साली नकाशा बदलला तेव्हा झोन एक हा प्रकारच रद्द झाला आणि हा भाग झोन तीनमध्ये गेला. तेव्हा दोष वाटायचाच तर गवंड्याच्या आधी रांगेत बरेच जण उभे आहेत.

मला जास्त शिकवलं ते भिंत इतकी जाड का, या प्रश्नानं. उन्हासाठी, हे कुणीही सांगेल. सास्तूरकडच्या एका म्हाताऱ्यांनी मला दुसरं सांगितलं. (सास्तूर तेव्हा उमरगा तालुक्यात होतं, आता लोहाऱ्यात.) हा मुलूख 17 सप्टेंबर 1948 पर्यंत निजामाकडे. दरोडे, आणि शेवटी शेवटी रझाकार. म्हणून रस्त्याकडे एकच दार, तेही बुटकं. खिडकी असलीच तर वर, हातभर. घराचं तोंड आतल्या चौकाकडे. धान्य बळदात, म्हणजे जवळजवळ भिंतीच्या पोटात, वरून ओतायचं. "घर म्हंजी किल्लाच की वो," म्हणाले. 1993 पर्यंत ना रझाकार उरले होते ना तसे दरोडे, पण दार बुटकंच राहिलं होतं. त्या पहाटे त्या एकाच बुटक्या दारातून बाहेर पडायचं होतं, अंधारात, वरून माती गळत असताना.

तुम्ही फोटो पाहाल तेव्हा एक गोष्ट शोधा. कित्येक घरांत भिंती ढासळून बाजूला पडल्यात आणि लाकडी खांब-तुळया तशाच उभ्या आहेत. सुताराचं काम टिकलं. आणि गावाच्या कडेला, कुडाच्या आणि छपराच्या घरांत राहणारी जी गरीब माणसं होती, त्यांच्यात बळी कमी गेले. अंगावर पडायला काही जडच नव्हतं. गावात ज्याची ऐपत जास्त त्याची भिंत जाड आणि माळवद जुनं. या वाक्यावर तुमच्या सरांशी वाद घाला, मजा येईल.

प्रश्न : मला शेतात दगडाचंच घर बांधायचं आहे. दगड घरचा आहे. मुलं नको म्हणतात. बांधू का? — शेतकरी, उमरगा

बांधा. पण जुनी भिंत डोक्यातून काढा. जाडी दीड फुटाच्या वर नेऊ नका. जाड म्हणजे मजबूत हा गैरसमज आहे, जाड भिंतीतच मधली भर येते. आरपार दगड उंचीत दर 60 सेंटिमीटरला आणि आडव्या अंतरात 1.2 मीटरच्या आत. तेवढे लांब दगड नसतील तर त्या जागी सळीचा आकडा ठेवून काँक्रीट भरा. कोपऱ्यांवर लांब दगड एकाआड एक दिशेनं. जोत्यावर, दार-खिडक्यांच्या डोक्यावर आणि छताखाली असे तीन काँक्रीटचे पट्टे घराभोवती कुठेही न तोडता फिरवा. बैलगाडीच्या चाकाला धाव असते तसे. दार कोपऱ्याला चिकटवू नका. हे सगळं आयएस 13828 या मानकात आहे, ते 1993 सालीच निघालं. गवंडी "एवढं कशाला" म्हणेल. आरपार दगड बसवताना स्वतः उभे राहा. प्लास्टर झाल्यावर तो घातला की नाही ते कुणाच्या बापाला कळत नाही.

माळवद हवंच असेल तर माती आठ इंचांवर जाऊ देऊ नका. मध्ये जाड प्लॅस्टिकचा कागद अंथरा, म्हणजे दर साली वर माती चढवायची गरज पडत नाही. दुरुस्तीच्या गावांत आम्ही हेच करायला लावायचो. मुलांना पट्ट्यांचं काम दाखवा, मग बोलतील.

प्रश्न : स्पष्ट लिहितो, राग नसावा. मी त्या काळात मुंबईहून मदतकार्याला आलो होतो. जगभरातून पैसा आला, लोकांना फुकट पक्की घरं मिळाली, रुंद रस्ते, शाळा, नळ. आणि आज वाचतो की लोकांना ती घरं आवडली नाहीत. आपल्या लोकांना काही चांगलं दिलेलं पचतच नाही. — एक ज्येष्ठ वाचक, मुंबई

साहेब, राग नाही. तुम्ही ढिगाऱ्यातून माणसं काढली असतील, त्या कामापुढे माझी टेप म्हणजे काहीच नाही. शिवाय हेही खरं, की भूकंपानंतर दगड नको, सिमेंटचंच द्या, हा आग्रह लोकांचा स्वतःचा होता. दगडाचं नाव काढलं तरी बाया ओरडायच्या. आम्ही कुणावर काँक्रीट लादलं नाही.

पण घर नुसतं काँक्रीटचं नसतं, त्याला नकाशाही असतो. आणि तो आम्ही काढला. कुणाची जमीन किती, यावर घराचं माप ठरलं. भूमिहीन आणि एक हेक्टरपर्यंतवाल्याला 250 चौरस फूट, एक ते सात हेक्टरवाल्याला 400, त्याहून जास्त असेल त्याला 750. कागदावर सोपं. प्रत्यक्षात सातबारावर नाव एकाचं आणि चुलीवर जेवणारे चौदा. आणि उलटही : एकत्र राहणारे भाऊ, वाटण्या झालेल्या, तर त्यांची घरं दोन वेगळ्या रांगांत, कारण 250 ची रांग इकडे आणि 400 ची तिकडे. म्हातारी मधल्या रस्त्यावर, इकडे जेवू की तिकडे. माझ्या हद्दीतल्या एका गावात हे मी पाहिलं.

गाव कसं मांडलं? सरळ रेघांत. चौकोन, रस्ता, चौकोन, रस्ता. मी स्वतः दोरी धरून फक्की टाकली आहे आणि मला ते फार सुंदर दिसलं होतं. जुन्या गावाच्या कित्येक पट जागेवर नवं गाव पसरलं. जुन्या गावात आवाज दिला की पलीकडच्या गल्लीत ऐकू जायचा. इथं म्हाताऱ्या माणसाला देवळापर्यंत जायचं म्हणजे भर उन्हात अर्धा किलोमीटर, आणि वाटेत सावलीला एक भिंत नाही. रस्ते रुंद ठेवले ते पुन्हा भूकंप झाला तर पळता यावं, गाड्या आत याव्यात म्हणून. कारण बिनतोड होतं.

आता माझी गोष्ट. घरं ताब्यात देऊन पाच-सहा महिने झाले असतील. एका रांगेत तीन घरांनी पुढच्या मोकळ्या जागेला जुन्या गावच्या ढिगाऱ्यातले दगड आणून पुरुषभर उंच भिंत घातली. ज्या दगडाला भीत होते तोच दगड, बैलगाडीनं आणलेला. मी तिघांना लेखी नोटीस दिली : नकाशाबाहेरील बांधकाम, पंधरा दिवसांत काढावे. सही माझी. तिघांपैकी एक आजोबा नोटीस घेऊन आले. वाचता येत नव्हतं, पण कागद नीट घडी करून आणलेला. म्हणाले, "सायब, दार रस्त्यावर हाय. सून हात धुवायला उठली तरी आख्ख्या गावाला दिसतीया. ती पोरगी दिसभर आतच बसती, उकाड्यात. भिंत काढतो, पर तिनं बसावं कुठं ते कागदावर लिवून द्या."

मी काही लिहून दिलं नाही. जुन्या घरात चौक होता : चारी बाजूंनी बंद, वरून आभाळ उघडं. तिथं बाया निवडत-टिपत, न्हात, पोरं खेळवत, भांडत. पुरुष पुढं ढेळजेत, म्हणजे दारालगतच्या बैठकीत. पडदा चांगला की वाईट हा वेगळा वाद, आणि त्यावर माझं मत तुमच्यासारखंच असेल. पण आमच्या नकाशानं पडदा गेला नाही. गेला तो चौक, आणि पडदा सुनेच्या अंगावर चढला. जी आधी घरभर फिरत होती ती एका खोलीत कोंडली गेली. नोटिसा मी परत घेतल्या नाहीत, तेवढा माझा धीर नव्हता. पुढं पाठपुरावा केला नाही, इतकंच.

निवृत्तीनंतर मी त्या गावात पुन्हा गेलो. तीन घरांचं सोडा, त्या रांगेत बिनभिंतीचं एकच घर उरलं होतं, आणि ते बंद होतं, माणसं पुण्याला. बाकी प्रत्येकानं पुढं भिंत, भिंतीत दार, दारावर पत्रा, पत्र्याखाली बाज. ढेळज तयार. मागे गोठा. मधल्या जागेत तुळस आणि न्हाणी. आमचं 250 चौरस फुटांचं घर आता आतली खोली झालंय. तिथं धान्याची पोती, कपाट आणि लग्नाचे फोटो. तेव्हा घरं पचली नाहीत असं म्हणू नका. पचवूनच टाकली.

प्रश्न : नव्या गावांत संडास बांधले होते आणि लोकांनी त्यात गोवऱ्या भरल्या, हे खरं की शहरी माणसांनी उठवलेली वावडी? — शिक्षिका, लातूर

खरं आहे, मॅडम. गोवऱ्या, सरपण, एका ठिकाणी कोंबड्या. पण त्या गावात नळाला पाणी कधी यायचं ते विचारा. दोन घागरी पाण्यात स्वयंपाक करायचा की संडासात ओतायचं? हसणाऱ्यांपैकी कुणी घागर उचलली नव्हती. पाण्याची सोय झाली तिथं गोवऱ्या बाहेर आल्या.

प्रश्न : मी नोकरीनिमित्त कच्छमध्ये राहते. इथं 2001 च्या भूकंपानंतर लोकांनी स्वतःच घरं बांधली म्हणतात, आणि ती छान आहेत. आपल्याकडे तसं का झालं नाही? — एक वाचक, भुज

झालं होतं, फक्त त्याचे फोटो निघाले नाहीत. 52 गावांचं सगळ्यांना माहीत, कारण तिथं देणगीदारांच्या पाट्या लागल्या. पण दुरुस्ती आणि मजबुतीकरणाचं काम हजाराहून जास्त गावांत चाललं होतं, जवळपास 2 लाख घरांचं, आणि ते घरमालकानं स्वतः उभं राहून करून घ्यायचं होतं. तिथं प्रत्येक गावात संवाद सहायक म्हणून गावातल्याच बाया नेमल्या. प्रेमा गोपालन यांच्या स्वयं शिक्षण प्रयोग या संस्थेनं ती बांधणी केली.

पहिल्या दिवशी एक संवाद सहायक बाई माझ्याबरोबर फिरायला आल्या तेव्हा मी मनात म्हटलं, ही काय करणार. दोन महिन्यांनी त्या माझ्या आधी घरात शिरत, भिंतीत आरपार दगडासाठी पाडलेल्या भोकात हात कोपरापर्यंत घालत, आणि पलीकडून बोटं दिसली नाहीत तर गवंड्याला म्हणत, "दादा, हे भोक आहे का कोनाडा?" मी वर्षभर जे तपासपत्रकं भरून करत होतो ते त्या हातानं करत. त्यांच्यापैकी काही जणी 2001 नंतर तुमच्याकडे, कच्छात, तिथल्या बायकांशी बोलायला गेल्या होत्या. तिकडे घरमालकाच्या हाती हप्त्याहप्त्यानं पैसे आणि गवंड्यांना शिकवणी, ही पद्धत मोठ्या प्रमाणावर वापरली. आपल्याकडे ती होती, पण ज्यांचं सगळंच गेलं होतं त्यांना आपण तयार गाव दिलं. घाईही होती, पावसाळे निघून चालले होते. मी त्या वेळी काही वेगळं सुचवलं होतं असं नाही.

प्रश्न : आमचं घर पुनर्वसनातलं आहे. देवघराला जागा नाही. सासूबाई म्हणतात भिंतीत कोनाडा करून घ्या, जुन्या घरात होता तसा. गवंडी म्हणतो एका दिवसात काढून देतो. करू का? — गृहिणी, औसा

वहिनी, कृपा करून गवंड्याला थांबवा.

हा प्रश्न मला पहिल्यांदा 1996 साली विचारला गेला. घराच्या चाव्या देण्याचा दिवस होता, मंडप होता, हार होते. एका आजींनी चावी घेतली, आत गेल्या, चारी भिंतींवरून हात फिरवत आल्या आणि म्हणाल्या, "साहेब, कोनाडा कुठाय?" मला वाटलं चेष्टा करतायत. त्यांच्या हातात समई होती. जुन्या अडीच फुटी भिंतीत कोनाडे, देवळ्या, खुंट्या, बळद, सगळं सामावलेलं असे. घरात वेगळं कपाट लागतच नसे. आमची भिंत नितळ. समई त्यांनी शेवटी खिडकीत ठेवली, वाऱ्यानं विझली.

तुमच्या भिंतीबद्दल : नऊ इंची भिंतीत कोनाडा कोरला तर मागे जेमतेम चार इंच उरतात, आणि छिन्नी-हातोड्याच्या दणक्यानं आजूबाजूचे सांधे सुटतात. खिडकीच्या डोक्यावरून काँक्रीटचा पट्टा जातो तो गवंड्याच्या छिन्नीखाली आला तर त्या घराची धावच तुटली. तेव्हा भिंतीत शिरायचं नाही, भिंतीच्या बाहेर यायचं. कोपऱ्यात जमिनीपासूनच दोन उभ्या शहाबादी फरशा आणि त्यावर आडवी कडप्पा फरशी, सव्वा फूट खोल. बाजूला आणि वर आणखी एक फरशी घेतलीत की कोनाड्याचा आकार येतो. सासूबाईंना हवी तर वर कमान प्लास्टरमध्ये काढून घ्या. मूळ भिंतीला एकही खिळा लागत नाही. समईच्या वरच्या फरशीवर काजळी धरते, तिथं दर दिवाळीला चुना लावा.

पूर्वेची भिंत मोकळी आहे का, आणि तिथून विजेची पट्टी गेली आहे का, ते कळवा. भिंत विटांची आहे की काँक्रीट ब्लॉकची तेही नक्की लिहा. खिळ्यानं प्लास्टर थोडं खरवडून बघितलंत तरी रंगावरून समजेल. माप इंचांत पाठवा.